तिसऱ्या फ्रेटच्या पलीकडे

माझ्या गिटारला वीस फ्रेट आहेत. त्यातले पहिले तीन पार घासून गेलेत आणि उरलेले सतरा अगदी परवापरवापर्यंत कोरे करकरीत होते. गाडी असती तर जाहिरातीत लिहिता आलं असतं, 'सिंगल ओनर, फक्त सोसायटीच्या आवारात फिरवलेली'.

इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला, २०१६ साली, होस्टेलवरच्या निम्म्या पोरांनी गिटार घेतली म्हणून मीही घेतली. घेण्यामागचं कारण बाकीच्यांचं होतं तेच. त्याचा काही उपयोग झाला नाही, तोही बाकीच्यांसारखाच :) एका सीनियरने जी, ई मायनर, सी आणि डी असे चार कॉर्ड शिकवले. या चार कॉर्डवर हिंदी सिनेमातली अर्धी गाणी वाजतात आणि उरलेली अर्धी वाजल्यासारखी वाटतात. मग पाचवा, ए मायनर. सहावा एफ, आणि तिथे गाडी अडली. एफला पहिलं बोट आडवं टाकून सगळ्या तारा एकदम दाबाव्या लागतात, त्याला बार कॉर्ड म्हणतात. आठवडाभर बोट सुजवून घेतलं, पण आवाज काय तो खट्ट. शेवटी 'एफ असलेली गाणी मला तशीही आवडत नाहीत' असं धोरण ठरवून टाकलं.

आणि वेगळ्या पट्टीत गायचं असेल तर कॅपो आहेच की. कॅपो म्हणजे तारांवर बसवायचा स्प्रिंगचा चिमटा. ज्या फ्रेटवर लावाल तिथून गिटार सुरू होते. बोटं तीच, सूर वरचा. पाच कॉर्ड, एक कॅपो आणि हिंजवडीतली नोकरी, इतक्या भांडवलावर माझी काही वर्षं मजेत गेली. ऑफिसच्या पार्टीत कुणी 'अरे हा गिटार वाजवतो' म्हणालं की मी लाजल्यासारखं करायचो आणि जी वाजवायचो.

तर आता बाबांबद्दल.

साताऱ्याला आमच्या घरी एक जुनी पेटी आहे. बाबा बँकेत नोकरीला होते, पण त्यांना आतून विचारलंत तर ते गवई होते. प्रवेशिका पूर्णपर्यंत परीक्षा दिलेल्या, मग लग्न, बदल्या, आम्ही. तरी रोज संध्याकाळी पेटी काढायची, आणि गीतरामायणातलं एखादं किंवा अरुण दात्यांचं एखादं गाणं म्हणायचंच. पट्टी ठरलेली, काळी एक. ज्यांना पेटीची भाषा माहीत नाही त्यांच्यासाठी, डावीकडून पहिली काळी पट्टी म्हणजे काळी एक, गिटारवाल्यांच्या भाषेत सी शार्प. काळी एकला सा धरला की बिलावलचे सात स्वर वाजवताना पाचही काळ्या पट्ट्या लागतात आणि फक्त ग आणि नी पांढऱ्यावर येतात. हे मला पुस्तकातून नाही कळलेलं. लहानपणी बाबांच्या मांडीवर बसून त्यांची बोटं बघितल्येत. काळ्यावर, काळ्यावर, मग पटकन पांढऱ्यावर, परत काळ्यावर.

२०२३ च्या पावसाळ्यात बाबांचं थायरॉईडचं ऑपरेशन झालं. गाठ साधी निघाली, सगळ्यांनी देवापुढे साखर ठेवली. बोलण्याचा आवाजही महिन्याभरात जागेवर आला. गाण्याचा आला नाही. वरचे स्वर लागेनात. अंतऱ्याला तार सप्तकात गेले की आवाज फाटायचा, मग खोकला. डॉक्टर म्हणाले वेळ लागेल, आणि कदाचित पूर्वीइतकं वर जाता येणारही नाही.

तुम्ही म्हणाल, मग खालच्या पट्टीत गायचं, त्यात काय एवढं! मीही हेच म्हणालो. तेव्हा पहिल्यांदा कळलं की बाबांना पेटी फक्त काळी एकमधूनच येते. सा दुसरीकडे नेला की काळ्या-पांढऱ्यांची सगळी जुळणी बदलते, बोटं नव्याने बसवावी लागतात. सा सरकवायची सोय असलेली स्केल चेंजर पेटी असते, पण आमची साधी. चाळीस वर्षं एकाच वाटेने गेलेली बोटं साठीनंतर दुसरीकडे वळेनात. दोनचार दिवस प्रयत्न केला आणि पेटीवर कापड पडलं ते पडलंच. आई फोनवर म्हणाली, "अरे, हल्ली गात नाहीत. रेडिओवर गाणं लागलं तरी बंद करतात."

दिवाळीला मी गिटार घेऊन साताऱ्याला गेलो. एसटीत कंडक्टरने गिटारकडे बघून "याचं हाफ काढू का?" असं विचारलं. अख्ख्या खंबाटकी घाटात मी ती मांडीवर घेऊन बसलो होतो. डोक्यात गणित तयार होतं. बाबांचा आवाज साधारण तीन अर्ध्या स्वरांनी खाली आलाय, म्हणजे काळी एकवरून काळी पाच. जीच्या शेपला तिसऱ्या फ्रेटवर कॅपो लावला की सा काळी पाचवर येतो. प्रॉब्लेम सॉल्व्ह्ड, तिकीट क्लोज्ड.

संध्याकाळी बाबा आढेवेढे घेत बसले. मुखडा छान झाला. अंतऱ्याला आवाज अडकला. ते थांबले, पाणी प्यायले आणि स्वतःच थोडं खालून सुरू केलं. मी म्हणालो, "थांबा बाबा," कॅपो काढला, एक घर खाली लावला. खटक. परत सुरुवात. परत अंतरा, परत अडकले. "थांबा." खटक. आता कॅपो पहिल्या फ्रेटवर. बाबा त्या चिमट्याकडे बघत होते.

"अजून किती घरं आहेत खाली?" त्यांनी विचारलं.

"एक."

"राहू दे," म्हणाले आणि उठून बाल्कनीत गेले.

आई काही बोलली नाही. मीही नाही. त्या खटक्याचा अर्थ मला तेव्हा लागला. प्रत्येक वेळी मी चारचौघांत मोजून सांगत होतो, तुमचा आवाज आणखी एक घर उतरला. मदत म्हणून घेऊन गेलो आणि मोजपट्टी लावून आलो.

परत येताना एसटीत विचार केला की मुळात माझं आणि बाबांचं दुखणं एकच आहे. त्यांना काळी एक सोडून येत नाही, मला पहिले तीन फ्रेट सोडून येत नाही. आमच्या भाषेत सांगायचं तर दोघांनीही सा हार्डकोड करून ठेवलाय. माझ्या मशीनवर चालतं, दुसरीकडे नाही. फरक एवढाच की पेटीवर ते बदलणं खरंच अवघड आहे. आणि गिटारवर? गिटारवर ते जवळजवळ फुकट आहे! हे मला इतक्या वर्षांत माहीतच नव्हतं.

कसं ते सांगतो. कंटाळा आला तर पुढचे चार पॅरा सोडून द्या, पण गिटार कोपऱ्यात धूळ खात पडली असेल तर सोडू नका.

गिटारच्या तारा जाडीकडून बारीककडे ई, ए, डी, जी, बी, ई. एक फ्रेट म्हणजे अर्धा स्वर, बारा फ्रेट म्हणजे एक सप्तक. सा ते रे दोन फ्रेट, रे ते ग दोन, ग ते म एक, म ते प दोन, प ते ध दोन, ध ते नी दोन, नी ते वरचा सा एक. बेरीज बारा. हाच बिलावल थाट आणि हाच पाश्चात्त्यांचा मेजर स्केल. आता ही अंतरं एका तारेवर सरळ न मोजता शेजारच्या तारांवर घडी घालून ठेवा. जाड तारेवर कुठेही मधलं बोट ठेवा आणि त्याला सा म्हणा. सा-रे त्या तारेवर, मधलं आणि करंगळी. ग-म-प पुढच्या तारेवर, पहिलं, मधलं, करंगळी. ध-नी-सां त्याच्या पुढच्या तारेवर, पहिलं, तिसरं, करंगळी. झालं सप्तक. चार फ्रेटच्या चौकटीत, हात जागचा हलवायचा नाही. आणि खरी गंमत पुढे. हीच चौकट उचलून कुठल्याही फ्रेटवर नेली तरी बोटं तीच. सहाव्या फ्रेटवर सा धरला तर काळी पाच, पाचव्यावर धरला तर पांढरी सहा. म प्रत्येक वेळी एक फ्रेट पुढे घेतला की कल्याण, म जागेवर ठेवून नी एक फ्रेट मागे घेतला की खमाज. पेटीवर बारा सा म्हणजे बारा तऱ्हेची बोटं. इथे एकच, फक्त उघडी तार वाजवायचा मोह टाळायचा.

कॉर्डचंही तेच. ज्या एफने मला होस्टेलवर रडवलं तो म्हणजे दुसरं काही नसून उघड्या ई कॉर्डचा शेप एक फ्रेट पुढे सरकवलेला. बोट आडवं पडलं की तोच कॅपो. तो शेप सहाव्या फ्रेटवर नेला की काळी पाचचा मेजर, आणि जाडीकडून बारीककडे त्यात स्वर येतात सा, प, सा, ग, प, सा. म्हणजे कॉर्ड हा काही वेगळा प्राणी नाही, त्याच चौकटीतले तीन स्वर एकदम वाजवलेत. मधलं बोट उचललं की ग कोमल, झाला मायनर. बोनस म्हणजे, पाचव्या-सहाव्या फ्रेटवर बार कॉर्ड पहिल्या फ्रेटपेक्षा बराच सोपा जातो, कारण तिथे तारा दाबायला तेवढी ताकद लागत नाही. मी घाटाच्या सगळ्यात चढाच्या टोकाला सायकल शिकत होतो.

उघड्या कॉर्डचे असे पाच शेप आहेत, सी, ए, जी, ई, डी. या पाच अक्षरांवरून या पद्धतीला केज्ड म्हणतात. नाव पिंजऱ्याचं आणि काम पिंजऱ्यातून बाहेर काढायचं. एकाच कॉर्डचे हे पाच अवतार फ्रेटबोर्डवर एकाला एक जोडून, याच क्रमाने येतात. काळी पाच घ्या. पहिल्या फ्रेटवर ए शेप, तिसऱ्यापासून सहाव्यापर्यंत जी शेप, सहाव्यावर ई, आठव्यापासून डी, दहाव्यापासून तेराव्यापर्यंत सी, आणि मग तेराव्यावर पुन्हा ए. प्रत्येक शेपभोवती त्याची स्केलची चौकट. लांबून बघितलं तर शंभरावर ठिकाणं, जवळून बघितलं तर पाच खोल्यांचा फ्लॅट, प्रत्येक खोलीला शेजारच्या खोलीत जायचं दार.

या सगळ्यात एक खडा आहे. शेजारच्या दोन तारांमध्ये पाच अर्ध्या स्वरांचं अंतर असतं, फक्त जी आणि बीमध्ये चारच. त्यामुळे तिथून पुढे प्रत्येक शेप एक फ्रेट वाकडा होतो. सा जाड तारेवर असेल तर वरचा सा दोन तारा सोडून दोन फ्रेट पुढे मिळतो, पण बीची तार मध्ये आली की तीन फ्रेट पुढे. मला हा सरळ सरळ बग वाटला. कोणी असं डिझाइन करतं का? मग वहीत मांडून बघितलं. सगळीकडे पाचच अंतर ठेवलं असतं तर शेवटच्या दोन तारा सी आणि एफ झाल्या असत्या, आणि उघड्या कॉर्डसाठी बोटांची सर्कस करावी लागली असती. हा वाकडेपणा हाताच्या सोयीसाठी ठेवलाय. हा बग काढायला गेलो असतो तर प्रॉडक्शन कोसळलं असतं.

हे सगळं लिहायला तासभर लागला. बोटात यायला दहा महिने गेले.

सुरुवातीला मी आपला इंजिनिअरसारखा पेटलो. एक्सेल शीट केली, फ्रेटबोर्डचा तक्ता रंगवला, पाचही शेप पाठ केले. पंधरा दिवसांत स्केल वरखाली सुसाट वाजवायला लागलो. रूममेट म्हणाला, "छान, पण हे टायपिंगच्या परीक्षेसारखं वाटतंय." बरोबरच होतं त्याचं. बोटांना नकाशा पाठ झाला होता, पण आपण कोणत्या स्वरावर उभे आहोत हे मला कळत नव्हतं. मध्येच कोणी थांबवून विचारलं असतं की हा कुठला स्वर, तर परत सा पासून मोजत यावं लागलं असतं.

फोनवर बाबांना हे सहज सांगितलं. गाण्याविषयी त्यांच्याशी बोलायला तेवढंच निमित्त. ते म्हणाले, "वाजवतोस ते तोंडाने म्हणतोस का?"

"नाही."

"मग काय उपयोग? म्हण. आणि सा पासून सुरू करू नकोस. प पासून कर. ध पासून कर. घर ओळखायचं तर मागच्या दारानेही येता आलं पाहिजे."

मग रोज रात्री जेवणानंतर वीस मिनिटं, त्याहून जास्त नाही. एक आठवडा एक शेप. वाजवायचं ते सरगम म्हणत म्हणत, अगदी हळू. दर दिवशी एक स्वर घेऊन तो सहाही तारांवर शोधायचा. पहिल्या बारा घरांत, उघडी तार धरून, प्रत्येक स्वर प्रत्येक तारेवर बरोब्बर एकदा सापडतो. काळी पाच, जाड तारेपासून, ६, १, ८, ३, ११, ६. हे आकडे मला आता स्वतःच्या पिनकोडपेक्षा पाठ आहेत. आणि शेवटी मोबाईलवर कुणाचंही गाणं लावायचं, कोणाची पट्टी कोणती हे न बघता जाड तारेवर बोट सरकवत सा शोधायचा. आधी अर्धं गाणं संपायचं तरी सापडायचा नाही. मग ध्रुवपदापर्यंत सापडायला लागला. मग दुसऱ्या ओळीला.

मधल्या काळात साताऱ्याला जायचो ते गिटार न घेता. बाबांनी विचारलं नाही. पेटीवरचं कापड आई दर शनिवारी झटकून परत घालायची.

२०२४ च्या कोजागिरीला गिटार घेऊन गेलो. गच्चीवर शेजारचे दोन काका, काकू मंडळी, मसाला दूध. कॅपो मुद्दाम पुण्यातच ठेवला होता. दूध पिऊन झाल्यावर काकांनी आग्रह केला. बाबा नको नको म्हणाले, मग घसा खाकरून, कोणाकडेही न बघता, आपला आपण सूर धरला. मी बोट सरकवलं. सहावा फ्रेट, काळी पाच. फारसं काही वाजवलं नाही, प्रत्येक ओळीला दोन कॉर्ड आणि ओळ संपली की चौकटीतले तीनचार स्वर, तेही त्यांनी घेतलेलीच जागा पुन्हा दाखवल्यासारखे.

अंतरा आला. आवाज वर गेला, हलला, आणि ते थांबले. माझ्या पोटात गोळा. त्यांनी आवंढा गिळला, डोळे मिटले आणि पुन्हा सुरू केलं, किंचित खालून. माझा हात एक फ्रेट मागे गेला. पाचवा, पांढरी सहा. शेप तोच, बोटं तीच. "थांबा" नाही, खटका नाही. अंतरा पार पडला. तार सप्तकातला तो एक स्वर त्यांनी पूर्वीसारखा लांबवला नाही, नुसता शिवला आणि खाली आले. पण गाणं संपवलं. मग काकूंच्या फर्माईशीची आणखी दोन म्हटली.

रात्री गाद्या घालताना बाबा म्हणाले, "काळी एक नव्हती ना रे?"

"नाही."

"काळी पाच?"

"सुरुवातीला. अंतऱ्यापासून पांढरी सहा."

"हं," म्हणाले आणि दिवा घालवला. त्या 'हं'चा अर्थ काय घ्यायचा हे मला कळेना. वाईट वाटलं असेल का, सांगायला नको होतं का, असं बराच वेळ चाललं होतं डोक्यात.

सकाळी पेटीच्या आवाजाने जाग आली. बाबा जमिनीवर बसले होते, समोर पेटी, शेजारी चहा गार झालेला. पांढरी सहा, पांढरी सात, मग तिसऱ्या स्वराला बोट सवयीने पांढऱ्यावर. चुकलं. परत. सा, रे, ग... चुकलं. मला उठलेलं बघून म्हणाले, "तुझं बरं आहे. तुला एकच शेप. इथे ग काळ्यावर, म परत पांढऱ्यावर. बोटं ऐकत नाहीत."

"तोंडाने म्हणताय का?" मी विचारलं.

त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी मुकाट्याने दात घासायला गेलो. :)

असो. बाबांची पांढरी सहा अजून अडखळतच चालते. माझंही जी आणि बीच्या तारेवर अधूनमधून अजून चुकतं. सोळाव्या फ्रेटच्या पुढे मी अजून गेलेलो नाही, तिथे हातच पोचत नाही. महिन्यातले दोन वीकेंड साताऱ्याला जातो. आधी कोणी सूर ठरवत नाही. बाबा त्या दिवशी जिथे असतील तिथून सुरू करतात, आणि मी शोधत जातो.